एपिस्टॅक्सिस: शब्दाचा अर्थ, कागदावरील वापर आणि घोळणा फुटल्यावर करावयाची कृती

कान-नाक-घसा तज्ज्ञांच्या चिठ्ठीवर, डिस्चार्ज कार्डावर किंवा विम्याच्या दाव्याला जोडलेल्या कागदांत ‘एपिस्टॅक्सिस’ हा शब्द दिसला की घरातील मंडळी घाबरून जातात, कारण तो एखाद्या मोठ्या रोगाचे नाव वाटतो. मराठीत आपण ज्याला घोळणा फुटणे म्हणतो, म्हणजे नाकपुडीतून किंवा नाकाच्या आतल्या पोकळीतून रक्त येणे, त्याचेच हे वैद्यकीय नाव आहे. थेंब थेंब गळणे अशा अर्थाच्या ग्रीक क्रियापदापासून तो तयार झाला आहे. रक्त का आले, किती आले, कोठून आले यांपैकी काहीही हा शब्द एकटा सांगत नाही. लहान मुलाने नखाने खरवडल्यामुळे पडलेले दोन थेंब आणि वृद्ध माणसाच्या घशात उतरणारी रक्ताची धार, या दोन्हींसाठी तो सारखाच लिहिला जातो. त्यामुळे कागदावर तो वाचताना त्याच्या मागेपुढे कोणते शब्द आहेत हे पाहणे आणि डॉक्टरांना माहिती देताना ते शब्द भरून निघतील असे बोलणे, हीच त्याच्या योग्य वापराची किल्ली आहे.

रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत एपिस्टॅक्सिसला ‘आर ०४.०’ हा संकेतांक दिलेला आहे आणि ‘आर’ने सुरू होणारे प्रकरण लक्षणे व तपासणीतील असाधारण निष्कर्षांचे आहे. याचा अर्थ वर्गीकरणाच्या दृष्टीनेही हे लक्षण आहे, रोग नव्हे. ताप हे जसे अनेक आजारांचे लक्षण असते तसेच हेही. रुग्णालयातून घरी सोडताना निदानाच्या रकान्यात केवळ एपिस्टॅक्सिस एवढेच लिहिले असेल, तर कारण सापडले का आणि सापडले असल्यास ते कार्डावर नोंदवता येईल का, हे डॉक्टरांना नम्रपणे विचारावे. पुढच्या वेळी दुसऱ्या गावी, दुसऱ्या डॉक्टरांसमोर तो कागद ठेवावा लागला तर त्या एका ओळीचा मोठा उपयोग होतो.

कागदावरचे जोडशब्द कसे वाचावे

‘एच/ओ एपिस्टॅक्सिस’ असे लिहिले असेल तर रुग्णाला पूर्वी कधीतरी नाकातून रक्त आल्याची माहिती त्याने दिली आहे, एवढाच त्याचा अर्थ होतो. तपासणीच्या वेळी रक्त येत होते असे त्यातून सिद्ध होत नाही. ‘सी/ओ’ असेल तर ती आजची तक्रार आहे. ‘नो अॅक्टिव्ह एपिस्टॅक्सिस’ म्हणजे डॉक्टरांनी नाकात पाहिले तेव्हा रक्त थांबलेले होते. ‘रिकरंट’ म्हणजे वारंवार होणारा, ‘ट्रॉमॅटिक’ म्हणजे मार लागल्यामुळे झालेला, आणि ‘इडिओपॅथिक’ म्हणजे नेहमीच्या तपासणीत ठरावीक कारण हाती लागले नाही असा. हा शेवटचा शब्द वाचून काही तरी दुर्मीळ आजार निघाला असे समजण्याचे कारण नाही. घोळणा फुटण्याच्या पुष्कळ प्रसंगांत एक ठाम कारण दाखवता येत नाही.

सर्वांत महत्त्वाचे दोन शब्द म्हणजे ‘अँटिरिअर’ आणि ‘पोस्टिरिअर’. अँटिरिअर म्हणजे नाकाच्या पुढच्या भागातून येणारे रक्त आणि पोस्टिरिअर म्हणजे मागच्या, घशाच्या बाजूच्या भागातून येणारे रक्त. सुमारे ९० टक्के प्रसंग पहिल्या प्रकारचे असतात. दोन नाकपुड्यांच्या मधला जो पडदा आहे, त्याच्या पुढच्या व खालच्या भागावर अनेक बारीक रक्तवाहिन्यांचे जाळे असते. अमेरिकी शल्यचिकित्सक जेम्स लिटल यांनी १८७९ मध्ये आणि जर्मन वैद्य विल्हेल्म किसेलबाख यांनी १८८४ मध्ये या जागेचे वर्णन केले. म्हणून चिठ्ठीवर ‘लिटल्स एरिया’ किंवा ‘किसेलबाख प्लेक्सस’ असे दोन्ही उल्लेख सापडतात आणि दोन्ही एकाच जागेचे आहेत. मेंदूकडे जाणाऱ्या आतल्या ग्रीवा धमनीच्या शाखा आणि चेहऱ्याला रक्त पुरवणाऱ्या बाहेरच्या ग्रीवा धमनीच्या शाखा येथे एकत्र येतात, वरचे आवरण अतिशय पातळ असते, आत घेतलेली कोरडी हवा सर्वप्रथम येथेच आदळते आणि बोटाचे नखही नेमके येथेच पोहोचते. इतक्या गोष्टी एका जागी जुळून आल्यावर तेथून रक्त यावे यात नवल नाही. मागच्या बाजूच्या रक्तस्रावात मात्र वाहिनी मोठी असते, बाहेरून दाबून ती हाती लागत नाही आणि रक्त पुढे न येता घशात उतरते. तो प्रकार मध्यम व उतारवयात अधिक दिसतो आणि त्याला रुग्णालयच लागते.

जवळपासच्या काही शब्दांशी गल्लत होऊ देऊ नये. खोकल्याबरोबर फुप्फुसातून किंवा श्वासनलिकेतून रक्त आले तर त्याला हिमॉप्टिसिस म्हणतात. उलटीतून रक्त पडले तर हिमॅटेमेसिस. आणि नाकातून नुसते पाणी किंवा शेंबूड वाहत असेल तर ऱ्हायनोरिया. हा भेद केवळ शब्दांचा नाही. घोळणा फुटल्यावर गिळलेले रक्त पोटात मळमळ निर्माण करते आणि काही वेळाने उलटीतून गडद रंगाचे रक्त पडते, किंवा दुसऱ्या दिवशी शौचास काळपट होते. अशा वेळी ‘रक्ताची उलटी झाली’ एवढेच सांगितले तर सगळी तपासणी पोटाच्या दिशेने जाते. आधी नाकातून रक्त आले होते का, हे आवर्जून सांगावे. याच्या उलटही घडते: नाकाच्या मागच्या भागातून घशात उतरलेले रक्त रुग्ण सकाळी थुंकतो आणि छातीचा आजार असल्याच्या भीतीने एक्स-रे काढून येतो.

आयुर्वेदातील ‘रक्तपित्त’ हा शब्द काही जण एपिस्टॅक्सिसचा प्रतिशब्द म्हणून वापरतात. ते बरोबर नाही. रक्तपित्ताची कल्पना व्यापक आहे; त्याच्या ऊर्ध्वग प्रकारात नाक, कान, डोळे, तोंड या वरच्या मार्गांनी आणि अधोग प्रकारात खालच्या मार्गांनी होणारा रक्तस्राव येतो. आधुनिक वैद्यकाच्या कागदावरील एपिस्टॅक्सिस मात्र फक्त नाकापुरता आहे. मराठीत लेखन करताना ‘नाकातून रक्तस्राव’ असे म्हणणे सर्वांत स्पष्ट; बोलताना ‘घोळणा फुटला’ म्हणण्यात काहीही कमी शास्त्रीय नाही आणि मराठी जाणणाऱ्या डॉक्टरांना ते तत्काळ कळते. वैद्यकीय शब्दच वापरायचा असेल तर ‘रुग्णाला एपिस्टॅक्सिस आहे’ या वाक्यापेक्षा ‘उजव्या बाजूने, गेल्या महिन्यात तीनदा एपिस्टॅक्सिस झाला’ हे वाक्य उपयोगी, कारण त्यात बाजू आणि वारंवारता दोन्ही येतात.

रक्त येऊ लागल्यावर काय करावे

या विषयातील सर्वांत उपयुक्त ज्ञान साध्या कृतीचे आहे, आणि दुर्दैवाने घरोघरी तीच कृती उलट केली जाते. रुग्णाला आडवे निजवणे, मान मागे टाकणे, डोक्यावर थंड पाणी ओतणे, कांदा फोडून हुंगवणे हे उपाय पिढ्यानुपिढ्या चालत आले आहेत. ते मायेपोटीच केले जातात, याबद्दल शंका नाही. पण मान मागे टाकल्याने रक्त थांबत नाही. ते दिसेनासे होऊन घशात जाते, रुग्ण ते गिळतो आणि क्वचित ते श्वासनलिकेतही उतरते. कांद्याच्या वासाने फुटलेली वाहिनी बंद होते असे मानण्यास काहीही आधार नाही, उलट शिंक आली तर धरू लागलेली गुठळी निघून जाते. बर्फाची पिशवी नाकाच्या वरच्या भागावर किंवा मानेवर ठेवण्याने अपाय होत नाही, मात्र तिचा फायदा बेताचाच आहे आणि ती शोधण्यासाठी दाब देणारा हात सोडून धावणे हे नक्कीच चुकीचे आहे.

रुग्णाला ताठ बसवावे आणि कमरेतून किंचित पुढे झुकवावे. बसल्यामुळे डोके हृदयापेक्षा उंच राहते व नाकातील शिरांमधला दाब कमी होतो. पुढे झुकल्यामुळे रक्त बाहेर पडते. समोर एखादे पातेले किंवा वाडगा धरावा. कपड्यावर किंवा फरशीवर पसरलेले रक्त आहे त्यापेक्षा फार मोठे दिसते आणि सगळ्यांचा धीर सुटतो. भांड्यात जमा झालेले रक्त डॉक्टरांना अंदाज घेण्यास उपयोगी पडते. साचलेल्या गुठळ्या असतील तर सुरुवातीला एकदाच हळुवार शिंकरून टाकाव्यात.

त्यानंतर अंगठा आणि तर्जनी यांच्या चिमटीत नाकाचा मऊ भाग दोन्ही बाजूंनी घट्ट धरावा. चूक होते ती येथेच. बहुतेक जण चष्मा टेकतो त्या हाडाळ जागी दाबतात. तेथे कितीही जोर लावला तरी आतल्या पडद्यावर दाब पोहोचत नाही, कारण मध्ये हाड आहे. वरून बोट खाली आणत आणावे, हाड संपून मऊ कूर्चा व मांसल भाग लागला की तेथे, म्हणजे नाकाच्या खालच्या तिसऱ्या हिश्शावर, पकड घ्यावी. रक्त एकाच नाकपुडीतून येत असले तरी दोन्ही बाजू एकत्र दाबाव्यात, म्हणजे मधल्या पडद्याला दोन्हीकडून आधार मिळतो. पकड बरोबर आहे की नाही हे ओळखण्याची सोपी खूण अशी की, ती बरोबर असेल तर नाकातून हवा अजिबात जात नाही आणि बोलताना आवाज बदलून गेंगाणा येतो. वाचकाने हे वाचता वाचताच स्वतःच्या नाकावर एकदा करून पाहावे. हाडावर दाबले असता श्वास चालू राहतो, मऊ भागावर दाबले असता थांबतो, आणि हा फरक एकदा हाताला कळला की प्रसंगी विसरला जात नाही.

हा दाब मोठ्या माणसाच्या बाबतीत १० ते १५ मिनिटे आणि लहान मुलाच्या बाबतीत किमान १० मिनिटे सलग ठेवावा. वेळ घड्याळात पाहून मोजावी, कारण घाबरलेल्या माणसाला दोन मिनिटेही दहा वाटतात. मध्येच हात काढून ‘थांबले का’ हे पाहू नये. गुठळी धरण्यास सलग वेळ लागतो आणि प्रत्येक वेळी हात काढल्यावर मोजणी पुन्हा शून्यापासून सुरू होते. रुग्णाने तोंडाने श्वास घ्यावा, तोंडात रक्त आले तर गिळू नये, भांड्यात थुंकावे. हात भरून येत असेल तर कोपर टेबलावर टेकवावे. लहान मुलाला मांडीवर आपल्याकडे पाठ करून बसवावे, एका हाताने त्याला कवेत धरावे व दुसऱ्या हाताने नाक धरावे. समोर एखादी गोष्ट सांगणारे किंवा मोबाइलवर चित्रफीत दाखवणारे कोणी असले तर दहा मिनिटे सहज निघतात. रडण्याने चेहऱ्याच्या शिरांतील दाब वाढतो, म्हणून मुलाला शांत ठेवणे हाही उपचाराचाच भाग आहे.

एवढ्याने न थांबल्यास तीच कृती आणखी एकदा, तितकाच वेळ करावी. नाकात कापूस किंवा टिश्यू कागद कोंबू नये. तो काढताना गुठळी त्याला चिकटून येते आणि कापसाचा तुकडा आत राहू शकतो. सर्दीसाठी मिळणारे ऑक्सिमेटाझोलिन किंवा झायलोमेटाझोलिनचे थेंब रक्तवाहिन्या आकुंचित करतात व डॉक्टर ते या प्रसंगी वापरतातही, पण रक्तदाब किंवा हृदयविकार असलेल्यांनी आणि लहान मुलांसाठी ते आपल्या मनाने वापरू नयेत.

रक्त थांबल्यावरचे पहिले २४ तास जपण्याचे असतात. नाक शिंकरू नये, बोट घालू नये, जड ओझे उचलू नये, फार गरम चहा-सूप आणि मद्य टाळावे, झोपताना डोक्याखाली उशी जास्त घ्यावी. शिंक आलीच तर तोंड उघडून शिंकावे, म्हणजे जोर नाकावर येत नाही.

डॉक्टरांकडे केव्हा जावे

वर सांगितल्याप्रमाणे नीट दाब देऊनही अर्ध्या तासात रक्त थांबले नाही, पुढून दाबलेले असताना घशात रक्त उतरत राहिले, चक्कर, घाम, फिकटपणा किंवा श्वासाचा त्रास दिसू लागला, तर घरी थांबू नये. महाराष्ट्रात १०८ या क्रमांकावर शासकीय रुग्णवाहिका मिळते. दोन वर्षांखालील बालकाच्या नाकातून रक्त येणे असाधारण आहे, त्यामुळे ते थांबले तरी डॉक्टरांना दाखवावे. डोक्याला मार लागल्यानंतर नाकातून रक्तासोबत पाण्यासारखा पातळ द्रव गळत असेल तर तो मेंदूभोवतीचा द्रव असू शकतो. अशा रुग्णाला शिंकरू देऊ नये आणि तत्काळ मोठ्या रुग्णालयात न्यावे.

खेळताना किंवा पडून नाकाला मार लागल्यावर आणखी एका गोष्टीकडे लक्ष ठेवावे, आणि ती अनेकदा निसटते. रक्त थांबते, सूजही उतरू लागते, पण मूल दोन्ही नाकपुड्या बंद झाल्याची आणि ठणका लागल्याची तक्रार करते. मधल्या पडद्याच्या आत रक्त साचल्याची, म्हणजे ‘सेप्टल हिमॅटोमा’ची ही खूण असू शकते. ते रक्त लवकर काढले नाही तर कूर्चेला पोषण मिळत नाही, जंतुसंसर्ग होतो आणि पुढे नाक कायमचे बसते. यासाठी ‘उद्या पाहू’ म्हणू नये.

रक्त पातळ करणारी औषधे घेणाऱ्यांबाबत थोडे विस्ताराने सांगितले पाहिजे. हृदयात स्टेंट बसवलेल्या, बायपास झालेल्या किंवा अर्धांगवायूचा झटका येऊन गेलेल्या असंख्य व्यक्ती आज अॅस्पिरिन, क्लोपिडोग्रेल, वॉरफरिन किंवा तत्सम गोळ्या घेतात. त्यांच्या बाबतीत घोळणा फुटणे जास्त वेळ चालते, हे खरे. पण घाबरून स्वतःच्या मनाने गोळी बंद करणे नाकातील रक्तापेक्षा कितीतरी अधिक धोक्याचे ठरू शकते, कारण स्टेंटमध्ये गुठळी झाली तर जिवावर बेतते. नाक दाबून ठेवावे, रुग्णालय गाठावे, गोळ्यांची पाकिटे सोबत न्यावीत आणि गोळी थांबवायची की चालू ठेवायची याचा निर्णय डॉक्टरांवर सोडावा. वॉरफरिन घेणाऱ्यांनी शेवटच्या आयएनआर तपासणीचा, म्हणजे रक्त गोठण्यास किती वेळ लागतो हे दाखवणाऱ्या तपासणीचा, कागदही न्यावा.

रक्तदाब वाढल्यामुळेच घोळणा फुटला, असे सर्रास म्हटले जाते. संबंध आहे, पण तो इतका सरळ नाही. रक्त पाहून घाबरलेल्या कोणाचाही रक्तदाब त्या क्षणी वाढलेला आढळतो. उच्च रक्तदाब असलेल्यांमध्ये रक्त लवकर आटोक्यात येत नाही, असे डॉक्टरांना दिसते. परंतु त्या एका आकड्यावरून आयुष्यभराच्या गोळ्या सुरू करण्याऐवजी, सर्व शांत झाल्यावर पुन्हा मोजून ठरवणे योग्य. नाकातील जखमेची तपासणी मात्र ‘प्रेशर होते’ एवढ्यावर टाळू नये.

वारंवार होत असेल तर काय विचारात घ्यावे

मुलांमध्ये कारण बहुधा साधे असते: खपल्या काढण्याची सवय, सर्दी, अॅलर्जी, कोरडी हवा. विदर्भ-मराठवाड्यात उन्हाळ्यात अशी मुले अधिक दिसतात, कारण उष्ण कोरड्या हवेने नाकाचे अस्तर सुकून त्याला भेगा पडतात. लोक म्हणतात ‘उष्णतेने घोळणा फुटला’, त्यात निरीक्षण बरोबर आहे. फक्त शरीरातील उष्णतेपेक्षा हवेतील कोरडेपणा अधिक जबाबदार आहे, म्हणून उपायही नाकाला ओलसर ठेवण्याचा हवा. ‘नाकाचे हाड वाढले’ असे ज्याला म्हटले जाते तो बहुतेक वेळा वाकडा झालेला मधला पडदा असतो, चिठ्ठीवर त्याला डीएनएस लिहितात. पडद्याच्या पुढे आलेल्या बाजूवर हवेचा झोत सतत आदळून तेथील अस्तर कोरडे पडते आणि रक्त येते.

मुलाच्या एकाच नाकपुडीतून दुर्गंधीयुक्त, रक्तमिश्रित स्राव येत असेल तर आत मणी, शेंगदाणा, खडूचा तुकडा असे काही अडकले असण्याची शक्यता सर्वांत आधी धरावी. खेळण्यातील किंवा घड्याळातील चपटी बटण-बॅटरी असेल तर ती काही तासांत अस्तर जाळते व पडद्याला भोक पाडू शकते. घरी चिमट्याने काढण्याचा प्रयत्न न करता त्याच क्षणी रुग्णालयात न्यावे.

काही खुणा मात्र अशा आहेत की त्या दिसल्यावर तपासणी पुढे ढकलणे योग्य नाही. किशोरवयीन मुलाचे एका बाजूचे नाक सतत चोंदलेले राहते आणि त्याच बाजूने पुन्हा पुन्हा भरपूर रक्त येते, तेव्हा नाकाच्या मागे वाढणाऱ्या अँजिओफायब्रोमा या रक्तवाहिन्यांच्या गाठीचा विचार करावा लागतो. ती कर्करोगाची नसते, पण तिचा तुकडा घाईने तपासणीसाठी काढला तर आवरता न येणारा रक्तस्राव होऊ शकतो, म्हणून आधी स्कॅन केला जातो. पन्नाशीच्या पुढे एकाच बाजूने चोंदणे व रक्त येणे सुरू झाले, तर दुर्बिणीने नाक तपासून घ्यावेच. लाकडाच्या भुशात वर्षानुवर्षे काम केलेल्या सुतारांना नाक व सायनसच्या कर्करोगाचा धोका वाढलेला असतो, तेव्हा त्यांनी आपला व्यवसाय डॉक्टरांना आपणहून सांगावा.

मुलीला घोळणा वारंवार फुटतो आणि मासिक पाळीतही अतिशय रक्तस्राव होतो, किंवा दात काढल्यावर रक्त लवकर थांबत नाही, अशी माहिती एकत्र ठेवली तर फॉन विलेब्रांड या आनुवंशिक रक्तदोषाचा माग लागू शकतो. या दोन तक्रारी सहसा दोन वेगवेगळ्या डॉक्टरांकडे जातात आणि जोडल्याच जात नाहीत. आईने त्या एकाच ठिकाणी सांगाव्यात. घरात दोन-तीन पिढ्यांत अनेकांना हा त्रास असेल आणि ओठांवर, जिभेवर, बोटांच्या टोकांवर बारीक लाल ठिपके दिसत असतील, तर ऑसलर-वेबर-रेंडू या नावाने ओळखला जाणारा आनुवंशिक विकार असू शकतो. तो आई किंवा वडिलांपैकी एकाला असल्यास प्रत्येक अपत्याला होण्याची शक्यता ५० टक्के असते, आणि त्यात फुप्फुस, यकृत व मेंदूतील रक्तवाहिन्यांतही दोष असू शकतात. पावसाळ्यात तापासोबत नाकातून रक्त आले, हिरड्यांतून रक्त आले किंवा अंगावर लालसर ठिपके उठले, तर डेंग्यूची शक्यता धरून त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावे. अशा तापात अॅस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन घेऊ नये.

रुग्णालयात काय करतात

डॉक्टर कपाळावरच्या दिव्याच्या प्रकाशात गुठळ्या ओढून काढतात, बधिर करणाऱ्या व वाहिन्या आकुंचित करणाऱ्या औषधात भिजवलेली पट्टी काही मिनिटे ठेवतात आणि रक्ताची नेमकी जागा शोधतात. ती सापडली तर सिल्व्हर नायट्रेटच्या कांडीने किंवा विजेच्या उपकरणाने तेवढी जागा भाजून बंद करतात. याला ‘कॉटरी’ म्हणतात. पडद्याच्या दोन्ही बाजूंना समोरासमोर एकाच वेळी कॉटरी करणे टाळतात, कारण त्याने पडद्याला भोक पडू शकते. जागा सापडली नाही तर नाकात पॅक, म्हणजे आतून दाब देणारी पट्टी किंवा स्पंज, भरतात. ‘ए.एन.पी.’ म्हणजे पुढच्या बाजूचे पॅकिंग आणि ‘पी.एन.पी.’ म्हणजे मागच्या बाजूचे. पॅक साधारण एक ते तीन दिवस ठेवतात. त्या काळात डोके जड वाटणे, तोंड कोरडे पडणे, डोळ्यांतून पाणी येणे हे होतेच. गालावर चिकटवलेला दोरा मात्र ओढू किंवा कापू नये, कारण पॅक घशात घसरू नये यासाठीच तो असतो. एवढ्यानेही न थांबणाऱ्या रक्तस्रावात दुर्बिणीतून स्फिनोपॅलाटाइन धमनी, म्हणजे नाकाच्या मागच्या भागाला रक्त पुरवणारी मुख्य वाहिनी, बंद करण्याची शस्त्रक्रिया करतात, किंवा मांडीतील अथवा मनगटातील धमनीतून नळी नेऊन ती वाहिनी आतून बुजवतात.

पुन्हा होऊ नये म्हणून

मुलांची नखे आखूड ठेवावीत. मिठाच्या पाण्याचे, म्हणजे सलाइनचे तयार थेंब दिवसातून तीन-चार वेळा घालावेत. महिनोन्‌महिने वापरले तरी ते अपायकारक नसतात. झोपताना नाकपुडीच्या आतल्या कडेला, पडद्याच्या बाजूने, वाटाण्याएवढे पेट्रोलियम जेली किंवा डॉक्टरांनी दिलेले मलम करंगळीने हलकेच लावावे. घरी ऑक्सिजन चालू असलेल्या रुग्णाने पेट्रोलियम जेली वापरू नये, त्याच्यासाठी पाण्याधारित जेल मिळते. तान्ह्या बाळाला आडवे धरून नाकात तेल किंवा तूप सोडण्याची जुनी पद्धत मात्र निग्रहाने बंद करावी, कारण ते फुप्फुसात उतरून गंभीर स्वरूपाचा न्यूमोनिया होऊ शकतो.

अॅलर्जीसाठी स्टिरॉइडचा नाकात मारायचा फवारा वापरणाऱ्यांमध्ये रक्त येण्याचे एक कारण चुकीची दिशा हे असते. डाव्या हाताने डाव्या नाकपुडीत फवारा मारला की तो थेट मधल्या पडद्यावर पडतो. उजव्या हाताने डाव्या नाकपुडीत आणि डाव्या हाताने उजव्या नाकपुडीत मारावा, टोक डोळ्याच्या बाहेरच्या कोपऱ्याच्या दिशेने ठेवावे, मान किंचित खाली घ्यावी आणि जोराने ओढून घेऊ नये. दिशा सुधारूनही खपलीत रक्त दिसत राहिले तर फवारा काही दिवस बंद ठेवण्याबद्दल तो लिहून देणाऱ्या डॉक्टरांना विचारावे.